कसबा पेठ मेट्रो स्थानक: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पुण्याच्या जुन्या पेठांमध्ये पहिल्यांदाच मेट्रोने जाणाऱ्यांना आणि पेठांमध्येच वाढलेल्या परंतु जमिनीखालच्या या नव्या वाटेची अजून सवय नसलेल्यांनाही जे प्रश्न पडतात, त्यांची उत्तरे येथे दिली आहेत. बहुतेक प्रश्न प्रवासाचे आहेत, परंतु काही प्रश्नांची उत्तरे गावठाणाच्या इतिहासात शिरल्याशिवाय देता येत नाहीत, त्यामुळे ती थोडी लांबली आहेत.

हे स्थानक नेमके कोठे आहे आणि केव्हा सुरू झाले?

पिंपरी-चिंचवड महापालिका ते स्वारगेट या मार्गावर, म्हणजे नकाशात जांभळ्या रंगाने दाखवलेल्या मार्गावर, जिल्हा न्यायालय आणि मंडई या दोन स्थानकांच्या मध्ये कसबा पेठ हे भुयारी स्थानक आहे. स्थानकाचा परिसर फडके हौद चौकालगतचा आहे. लाल महालाकडून निघून दारूवाला पुलाकडे जाणारा गणेश रस्ता याच चौकातून जातो. रिक्षावाल्याला पत्ता सांगताना ‘मेट्रो स्टेशन’ म्हणण्यापेक्षा ‘फडके हौद’ म्हटलेले आजही लवकर समजते.

जिल्हा न्यायालय ते स्वारगेट या सुमारे ३.६४ किलोमीटरच्या टप्प्याचे उद्घाटन २६ सप्टेंबर २०२४ रोजी व्हायचे होते. मुसळधार पावसामुळे पंतप्रधानांचा दौरा रद्द झाला आणि २९ सप्टेंबर २०२४ रोजी दूरदृश्य प्रणालीद्वारे हा टप्पा खुला करण्यात आला. कसबा पेठ, मंडई आणि स्वारगेट ही तिन्ही स्थानके त्या दिवशी एकदमच वापरात आली. प्रकल्पाची पायाभरणी २४ डिसेंबर २०१६ रोजी झाली होती आणि शहरातील पहिली मेट्रो ६ मार्च २०२२ रोजी धावली, परंतु त्या दिवशी ती पिंपरी-चिंचवड ते फुगेवाडी आणि वनाझ ते गरवारे महाविद्यालय एवढ्याच अंतरात होती. ज्या भागात रस्ते सर्वांत अरुंद आहेत आणि गर्दी सर्वांत दाट आहे, तेथे पोहोचायला तिला आणखी अडीच वर्षे लागली.

आराखड्यात या स्थानकाचे नाव बुधवार पेठ होते. ते आणि हे एकच का?

होय, एकच. बांधकामाच्या काळातील बातम्यांत, फलकांवर आणि जुन्या नकाशांत ‘बुधवार पेठ’ असे नाव आढळते. पुढे ते बदलून ‘कसबा पेठ’ करण्यात आले. त्याचप्रमाणे पूर्वीचे ‘सिव्हिल कोर्ट’ स्थानक आता ‘जिल्हा न्यायालय’ म्हणून ओळखले जाते, म्हणून जुना नकाशा हाती असेल तर दोन्ही नावे जुळवून पाहावीत.

नावाची चर्चा करताना एक गोष्ट ध्यानात ठेवावी. कसबा हा पुण्याचा मूळ गाभा आहे. इसवी सन ७५८ आणि ७६८ च्या राष्ट्रकूट ताम्रपटांत या परिसराचा उल्लेख ‘पुण्यविषय’ आणि ‘पूनकविषय’ (‘विषय’ म्हणजे त्या काळचा प्रशासकीय विभाग) असा येतो आणि त्या वस्तीची खूण आजच्या कसब्याच्या आसपासच दाखवली जाते. वारांची नावे असलेल्या पेठा नंतर या कसब्याभोवती वसत गेल्या. आज ज्याला बुधवार पेठ म्हणतात तिचे मोगल काळातील नाव मोहियाबाद होते आणि पेशवाईत ते मागे पडले. म्हणजे या भागातील नावे बदलण्याची रीत मेट्रोने सुरू केलेली नाही. माझ्या मते फडके हौद हे नाव दोन्ही पर्यायांपेक्षा अधिक नेमके ठरले असते, परंतु ते कोणी विचारात घेतल्याचे ऐकिवात नाही.

शनिवारवाड्याला जाण्यासाठी कोणत्या स्थानकावर उतरावे?

कसबा पेठ. स्थानकाबाहेर आल्यावर गणेश रस्त्याने लाल महालाच्या दिशेने चालत निघावे आणि तेथून उजवीकडे शनिवारवाड्याच्या पटांगणाकडे वळावे. सामान्य चालीने दहा मिनिटे पुरतात.

वनाझ ते रामवाडी या दुसऱ्या मार्गावरून येणारे पुष्कळ प्रवासी पुणे महानगरपालिका स्थानकावर उतरतात. ते चूक नाही, परंतु ते स्थानक नदीच्या पलीकडच्या तीरावर आहे, त्यामुळे छत्रपती शिवाजी पूल ओलांडावा लागतो. या पुलाला पुणेकर ‘नवा पूल’ म्हणतात, जरी तो १९२३ मध्ये खुला झालेला असून त्याची शंभरी उलटून गेलेली आहे. ऊन नसेल आणि हाती वेळ असेल, तर पुलावरून मुठा पाहत येण्यात हरकत नाही. अन्यथा जिल्हा न्यायालय स्थानकावर गाडी बदलावी, कारण तेथे दोन्ही मार्ग एकमेकांना छेदतात आणि तेथून कसबा पेठ हे पुढचेच स्थानक आहे. मात्र जिल्हा न्यायालयाचे भुयारी स्थानक ३३ मीटरहून अधिक खोल आहे आणि दुसरा मार्ग उन्नत आहे, त्यामुळे गाडी बदलताना बऱ्याच सरकत्या जिन्यांवरून जावे लागते. पाच-सात मिनिटे हिशेबात धरावीत.

मेट्रो येथे जमिनीखालून का नेली? उड्डाणमार्ग स्वस्त पडला नसता का?

स्वस्त पडला असता, परंतु तो कोठे उभारणार होते? उन्नत मार्गाचे खांब उभे करायला आणि स्थानकाचे दोन्ही बाजूंचे जिने उतरवायला रुंद रस्ता लागतो. पेठांमधील बहुतेक रस्ते बैलगाडी आणि पालखी यांच्या मापाचे आहेत. शिवाजी रस्ता आणि बाजीराव रस्ता हे दोन मोठे रस्तेसुद्धा एकेरी वाहतुकीवर कसेबसे चालतात. खांब उभारायचे झाले असते, तर दोन्ही बाजूंच्या इमारतींच्या रांगाच्या रांगा पाडाव्या लागल्या असत्या.

दुसरे कारण कायद्याचे आहे. प्राचीन स्मारकांविषयीच्या १९५८ च्या कायद्यात २०१० मध्ये दुरुस्ती झाली आणि केंद्र संरक्षित स्मारकापासून १०० मीटरपर्यंत नवे बांधकाम निषिद्ध, तर त्यापुढील २०० मीटरपर्यंत परवानगीने, असे क्षेत्र ठरले. शनिवारवाडा हे असे संरक्षित स्मारक आहे. हा नियम कागदावरच राहत नाही, याचा अनुभव पुण्याने नगर रस्त्यावर घेतला आहे. तेथे आगाखान पॅलेसमुळे दुसऱ्या मार्गाची आखणी बदलून ती कल्याणीनगरकडून वळवावी लागली. पेठांमध्ये असे वळण घेण्याइतकी मोकळी जागाच नाही. म्हणून शिवाजीनगर ते स्वारगेट हा पट्टा भुयारी झाला आणि त्यात शिवाजीनगर, जिल्हा न्यायालय, कसबा पेठ, मंडई व स्वारगेट अशी पाच स्थानके आली.

जुन्या वाड्यांच्या खालून भुयार कसे खोदले? वाड्यांना धक्का बसला नाही का?

भुयार सुरुंग लावून नव्हे, तर यंत्राने कापून काढण्यात आले. त्यासाठी तीन यंत्रे वापरली गेली आणि त्यांना मुळा, मुठा व पवना अशी इथल्याच नद्यांची नावे दिली होती. मुळा आणि मुठा ही यंत्रे कृषी महाविद्यालयाच्या मैदानातून दक्षिणेकडे निघाली, तर पवना स्वारगेटकडून उत्तरेकडे आले. शेवटचा टप्पा जून २०२२ मध्ये आताच्या कसबा पेठ स्थानकाच्या ठिकाणी पूर्ण झाला, म्हणजे दोन्ही बाजूंनी आलेली वाट या पेठेच्या पोटात एकत्र मिळाली. मुठा नावाचे यंत्र मुठा नदीच्या पात्राखालून गेले, हा योगायोग त्या वेळी अनेकांनी गमतीने सांगितला.

पुण्याखालचा खडक बेसाल्ट, म्हणजे आपला काळा पाषाण, आहे. तो कठीण असल्याने यंत्राच्या दातांची झीज करतो, परंतु भुयाराच्या छतासाठी तोच सर्वांत भरवशाचा ठरतो. यंत्र पुढे सरकत असतानाच मागच्या बाजूला तयार काँक्रीटचे वक्र तुकडे जोडून वर्तुळाकार कडी बसवली जाते, त्यामुळे खोदलेला भाग उघडा राहत नाही. वर ज्या इमारती आहेत त्यांच्या भिंतींना तडे मोजणारी, कल मोजणारी आणि जमीन किती खचते हे दाखवणारी उपकरणे लावून नोंदी ठेवल्या जातात.

तरीही एक फरक समजून घ्यायला हवा. धोका भुयारात कमी आणि स्थानकात अधिक असतो. भुयार खोल खडकातून जाते, परंतु स्थानकासाठी वरून खाली मोठा खड्डा घ्यावा लागतो आणि त्याच्या काठावर माती-विटांचे, लाकडी खांबांचे वाडे उभे असतात. शिवाय पेठांमधील अनेक वाड्यांची दुरवस्था मेट्रोच्या कितीतरी आधीपासूनची आहे. मालकी वाटण्या, जुनी भाडी, दुरुस्तीवर खर्च करण्याची कोणाचीच इच्छा नसणे ही त्याची कारणे आहेत, आणि प्रत्येक तड्याचे खापर मेट्रोवर फोडणे किंवा मेट्रोमुळे एकही तडा जाऊ शकत नाही असे म्हणणे ही दोन्ही टोके सारखीच सोयीस्कर आहेत.

घरे जाण्याच्या भीतीने स्थानकाला विरोध झाला होता का?

स्थानकाच्या जागेवरून २०१८ च्या सुमारास कसब्यात तीव्र विरोध झाला होता. पिढ्यान्‌पिढ्या एका आळीत राहिलेल्या कुटुंबांना पर्यायी घर किती दूर मिळणार, हा विरोधाचा गाभा होता, कारण कसब्यात राहणाऱ्या कारागिराचे घर आणि कामाची जागा अनेकदा एकच असते. कुंभारवाड्यातील आवा किंवा तांबट आळीतील भट्टी दुसऱ्या उपनगरातील सातव्या मजल्यावर हलवता येत नाही.

खोदकामात काही जुने अवशेष सापडले का?

सर्वाधिक चर्चा झाली ती स्वारगेटची. तेथे २०१९ मध्ये खोदकाम सुरू असताना जमिनीखाली जुने बांधीव भुयार आढळले. सुरुवातीला गुप्त मार्गाच्या कथा पसरल्या, परंतु जाणकारांचा कल ते जुन्या पाणीपुरवठ्याशी संबंधित असावे असे मानण्याकडे होता.

कसबा पेठ स्थानकाशी या गोष्टीचा संबंध आहे, तो असा. नानासाहेब पेशव्यांच्या काळात, १७५० च्या आसपास, कात्रजच्या तलावातून पुण्यात पाणी आणण्यासाठी जमिनीखालून बांधीव नळ घालण्यात आला. पाणी उतारानेच वाहत येई. हवा खेळती राहावी म्हणून वाटेत ठिकठिकाणी दगडी मनोऱ्यांसारखे ‘उच्छ्वास’ बांधलेले होते. हे पाणी शहरातील हौदांमध्ये आणि शनिवारवाड्यापर्यंत पोहोचवले जाई. पेठांमध्ये चौकांना, गल्ल्यांना हौदांची नावे का, याचे उत्तर या व्यवस्थेत आहे, आणि फडके हौद हे त्याचेच एक नाव आहे. घरोघरी नळ येण्यापूर्वी आळीतले लोक हौदावर भेटत. तीच जागा आज मेट्रोतून उतरणाऱ्यांची झाली आहे.

स्थानकातून बाहेर पडल्यावर चालत काय काय पाहता येईल?

शनिवारवाडा सर्वांना ठाऊक असतो, म्हणून त्याविषयी थोडक्यात. पायाभरणी १० जानेवारी १७३० रोजी, वास्तुशांत २२ जानेवारी १७३२ रोजी, मूळ वाड्याचा खर्च १६,११० रुपये. २७ फेब्रुवारी १८२८ रोजी लागलेल्या आगीत आतील इमारती नष्ट झाल्या, त्यामुळे आत गेल्यावर जोती आणि कारंजी दिसतात, महाल दिसत नाहीत. अनेकांची येथे निराशा होते. दिल्ली दरवाजा, त्याचे अणकुचीदार खिळे आणि तटावरून दिसणारे कसब्याचे छप्पर यांसाठी जावे.

लाल महालाविषयीही असेच सांगावे लागते. शहाजीराजांनी जिजाबाई आणि बाल शिवाजी यांच्यासाठी बांधवलेला मूळ वाडा उरलेला नाही. आजची इमारत महानगरपालिकेने विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात उभारलेली आहे. परंतु ५ एप्रिल १६६३ च्या रात्री शायिस्ताखानावर छापा पडला तो याच परिसरात, आणि ही जागा आणि भोवतीच्या गल्ल्यांची दाटी पाहिली की एवढ्या मोठ्या छावणीतून निसटून जाणे कसे शक्य झाले असेल, याचा थोडा अंदाज येतो.

त्यानंतर कसबा गणपती. हे पुण्याचे ग्रामदैवत आणि मानाचा पहिला गणपती. देवळाशी जिजाबाईंचे नाव जोडलेले आहे. सकाळी लवकर गेल्यास सभामंडपात शांत बसता येते.

माझा आग्रह मात्र तांबट आळीसाठी आहे. पेशवाईत येथे वसलेल्या तांबटांची घरे या आळीत आहेत. तांब्या-पितळेच्या भांड्यावर हातोडीने एकसारखे ठोके देऊन जी चमकदार खळीदार नक्षी उमटवतात, तिला मठारकाम म्हणतात. आळीत शिरण्यापूर्वीच ठोक्यांचा आवाज येतो. तो आवाज दरवर्षी थोडा कमी होत चालला आहे, कारण स्टीलच्या भांड्यांनी घरगुती गिऱ्हाईक नेले आणि नव्या पिढीला या कामाचे मोल परवडत नाही. कारागिरांच्या घरात डोकावताना, छायाचित्र घेताना आधी विचारावे. ती त्यांची कामाची जागा आहे, प्रदर्शन नव्हे.

याशिवाय पूर्वेकडे गेल्यास नागझरीचा ओढा आणि दारूवाला पूल, दक्षिणेकडे रविवार पेठेतील बोहरी आळी, तर पश्चिमेकडे मानाचा दुसरा गणपती असलेले तांबडी जोगेश्वरीचे देऊळ, विजेच्या सामानासाठी प्रसिद्ध असलेली तपकीर गल्ली आणि त्यापलीकडे पुस्तकांचा अप्पा बळवंत चौक लागतो.

कसबा पेठेत उतरावे की मंडईत?

शनिवारवाडा, लाल महाल, कसबा गणपती, तांबट आळी आणि बोहरी आळी यांसाठी कसबा पेठ. महात्मा फुले मंडई, तुळशीबाग, विश्रामबागवाडा, राजा दिनकर केळकर संग्रहालय यांसाठी मंडई. दगडूशेठ हलवाई गणपतीचे देऊळ दोन्हींच्या मध्ये आहे. लक्ष्मी रस्त्यावरील खरेदीसाठी मंडईच सोयीची. दोन्ही पाहायचे असल्यास एका स्थानकावर उतरून चालत दुसऱ्यावर परतावे. या अंतरासाठी पुन्हा गाडीत बसणे म्हणजे जिने उतरण्यातच वेळ घालवणे होय.

गणेशोत्सवात हे स्थानक वापरणे शहाणपणाचे आहे का?

आहे, परंतु तयारीने. पेठांमधील स्थानके २०२४ च्या विसर्जनानंतर काही दिवसांनी सुरू झाली, त्यामुळे २०२५ चा गणेशोत्सव हा त्यांचा पहिला उत्सव ठरला. त्या वर्षी ३० ऑगस्टपासून रात्री २ वाजेपर्यंत गाड्या धावल्या आणि ६ सप्टेंबर रोजी, अनंत चतुर्दशीच्या सकाळी, सुरू झालेली सेवा दुसऱ्या दिवशी रात्रीपर्यंत सलग ४१ तास चालू राहिली. एरवी देखावे पाहायला येणाऱ्यांनी गाड्या कोठे लावायच्या यावरून पेठा तुंबत. तो ताण त्या वर्षी निश्चितच काहीसा हलका झाला.

मिरवणुकीला मंडईतील टिळक पुतळ्यापासून सुरुवात होते आणि ती लक्ष्मी रस्त्याने अलका चौकाकडे जाते. त्यामुळे मंडई स्थानकाच्या तोंडाशी सर्वाधिक दाटी होते. येताना कसबा पेठेत उतरावे, मानाचे गणपती पाहत दक्षिणेकडे सरकावे आणि गर्दी पाहून मंडईतून किंवा सरळ स्वारगेटवरून परतावे. लहान मुले बरोबर असल्यास परतीचे तिकीट आधीच काढून ठेवावे. उत्सवात एखादे प्रवेशद्वार फक्त बाहेर पडण्यासाठी ठेवले जाऊ शकते, म्हणून पोलिसांच्या आणि मेट्रोच्या त्या दिवसाच्या सूचना पाहाव्यात.

तिकीट किती आणि सेवा किती वाजेपर्यंत?

पुणे मेट्रोचे भाडे १० रुपयांपासून ३५ रुपयांपर्यंत आहे. शनिवार-रविवारी तसेच विद्यार्थी पासवर ३० टक्के सवलत मिळते. तिकीट खिडकीवर, यंत्रावर, मोबाइल ॲपवर किंवा कार्डाने घेता येते. गाड्या सकाळी ६ पासून धावतात आणि जानेवारी २०२५ पासून रात्री ११ पर्यंत वेळ वाढवलेली आहे.

माझी दुचाकी किंवा मोटार स्थानकाजवळ लावता येईल का?

त्या भरवशावर येऊ नये. फडके हौदाच्या भोवती दिवसभर मालवाहू टेम्पो, हातगाड्या आणि दुकानांची उतराई-चढाई चालू असते. मंडईजवळ मिनर्व्हा आणि आर्यन हे महानगरपालिकेचे वाहनतळ आहेत. ही दोन्ही नावे तेथे पूर्वी असलेल्या चित्रपटगृहांची आहेत, हे आता सांगावे लागते. परंतु मोटार पेठेत आणून मग मेट्रोने जाणे यात काही अर्थ नाही. वाहन घराजवळच्या स्थानकावर ठेवून पेठेत मोकळ्या हाताने यावे.

ज्येष्ठ नागरिक आणि चाकाची खुर्ची वापरणाऱ्यांसाठी कशी सोय आहे?

स्थानकाच्या आत चांगली आहे. लिफ्ट आणि सरकते जिने आहेत आणि दृष्टिहीनांसाठी जमिनीवर उठावाच्या पट्ट्या आहेत. अडचण बाहेर आल्यावर सुरू होते. पदपथ अरुंद आहेत, त्यांवर दुकानांचा माल आणि उभ्या दुचाकी असतात आणि उंची दर चार पावलांवर बदलते. चाकाची खुर्ची घेऊन येणाऱ्यांनी शक्यतो सकाळी ९ पूर्वी यावे, कारण तोवर बाजार उघडलेला नसतो आणि रस्त्याच्या कडेने जाता येते. दुपारनंतर यायचे असल्यास बाहेर पडताच रिक्षा करणे बरे.

मेट्रोत सायकल नेता येते का?

पुणे मेट्रोत सायकल नेण्यास परवानगी आहे. गर्दीच्या वेळा टाळाव्यात. कसबा पेठेत उतरून सायकलने पेठा फिरण्याचा बेत असेल, तर तो रविवारी पहाटे करावा.

हा मार्ग पुढे कोठपर्यंत जाणार आहे?

स्वारगेटच्या पुढे कात्रजपर्यंत सुमारे साडेपाच किलोमीटरच्या भुयारी विस्तारास केंद्र सरकारने ऑगस्ट २०२४ मध्ये मंजुरी दिली. उत्तरेच्या टोकाला निगडीपर्यंतचा विस्तार त्याआधीच मंजूर झालेला आहे. कात्रजचा भाग पूर्ण झाल्यावर कसब्यातून निघालेला प्रवासी ज्या दिशेने जमिनीखालून जाईल, त्याच दिशेकडून पावणेतीनशे वर्षांपूर्वी पेशव्यांचे पाणी जमिनीखालून कसब्याकडे येत होते.